स्टुडिओत वकीलपत्र कोणाचे?

एका वकीलमित्राने विचारलेला प्रश्न थोडक्यात असा आहे : "जिल्हा न्यायालयात नऊ वर्षे फौजदारी वकिली करतो. गेल्या काही महिन्यांत एका मराठी वृत्तवाहिनीने माझे तीन-चार फोनो, म्हणजे फोनवरून थेट प्रतिक्रिया, घेतले. आता ते म्हणतात, मुंबईला या, आठवड्यातून पाच संध्याकाळी कायदेतज्ज्ञ म्हणून बसा, दरमहा ठरावीक रक्कम देऊ. बार रूममधले सहकारी म्हणतात, ही जाहिरात झाली, सनद, म्हणजे वकिलीचा परवाना, जाईल. घरचे म्हणतात, अशी संधी पुन्हा येणार नाही. काय करावे?"

मी पुण्यात चोवीस वर्षे वकिली करतो आहे आणि त्यातील शेवटची अकरा वर्षे मराठी वाहिन्यांवर कायद्याविषयी बोलतो आहे. त्यामुळे या प्रश्नाचे उत्तर मला पुस्तकातून कमी आणि चुकांमधून अधिक मिळालेले आहे. एक गोष्ट आधीच मान्य करतो. तुमच्या हाताखाली ज्युनिअर आहेत का, घर तुमच्या एकट्याच्या कमाईवर चालते का, आणि वाहिनी तुमच्याशी नेमका कसला करार करणार आहे, या तीन गोष्टींवर उत्तर बरेच बदलते. त्या तुम्ही लिहिलेल्या नाहीत. तेव्हा मी जे सांगतो ते तुमच्या परिस्थितीला लावून पाहावे.

तुम्ही दोन प्रश्न विचारले आहेत : सनदेला धोका आहे का, आणि संधी घ्यावी का. माझ्या मते या दोहोंच्या खाली एक तिसरा प्रश्न आहे, जो बहुतेक वकील स्टुडिओत पोहोचल्यानंतर, कानात इअरपीस बसल्यावर, पहिल्यांदा स्वतःला विचारतात. न्यायालयात आपण कोणाच्या तरी वतीने उभे राहतो. आपल्या पक्षकाराच्या बाजूचे जे आहे ते ठळकपणे मांडावे आणि विरोधात जाणारे समोरच्या वकिलासाठी सोडून द्यावे, हीच आपली शिस्त असते. स्टुडिओत मात्र आपल्याकडे कोणाचेच वकीलपत्र नसते. तिथे दोन्ही बाजू आपणच सांगायच्या असतात, आणि नऊ वर्षे एकच बाजू मांडायची सवय लागलेल्या माणसाला ते वाटते तितके सोपे जात नाही.

आधी सनदेचा प्रश्न संपवू. तुमचे सहकारी ज्या नियमाकडे बोट दाखवतात तो बार कौन्सिल ऑफ इंडिया या वकिलांच्या नियामक संस्थेच्या व्यावसायिक आचरणविषयक नियमांतील नियम ३६ आहे. काम मिळवण्यासाठी प्रत्यक्ष किंवा अप्रत्यक्ष जाहिरात करण्यास तो मनाई करतो आणि आपण ज्या प्रकरणात वकील आहोत किंवा ज्या प्रकरणाशी आपला संबंध आहे, त्याविषयी वृत्तपत्रांत मजकूर पुरवणे किंवा आपले छायाचित्र छापून आणणे यालाही तो मज्जाव करतो. २००८ मध्ये या नियमात दुरुस्ती होऊन वकिलांना संकेतस्थळावर नाव, पत्ता, सनदेचा तपशील, शिक्षण आणि कामाचे क्षेत्र एवढी मोजकी माहिती देण्याची मुभा मिळाली. मूळ मनाई मात्र कायम राहिली. मार्च २०२५ मध्ये बार कौन्सिल ऑफ इंडियाने प्रसिद्धिपत्रक काढून समाजमाध्यमांवरून आणि इतर मार्गांनी होणाऱ्या वकिलांच्या जाहिरातबाजीवर कडक शब्दांत टीका केली, हेही तुमच्या सहकाऱ्यांच्या मनात असेल. त्यांची शंका अनाठायी नाही, पण अर्धवट आहे.

कारण त्याच नियमावलीत पुढे नियम ५१ आहे, आणि तो बार रूममध्ये फारसा कोणी वाचलेला नसतो. वकिलाने मोबदला घेऊन विधेयकांचे परीक्षण करावे, कायद्याची पाठ्यपुस्तके संपादित करावीत, वृत्तपत्रांचा मजकूर कायद्याच्या दृष्टीने तपासून द्यावा, विद्यार्थ्यांना शिकवावे, प्रश्नपत्रिका काढाव्यात, हे सर्व तो नियम चालवून घेतो. त्यापुढे जाऊन, जाहिरातबंदी आणि पूर्णवेळ नोकरीची बंदी पाळून वकिलाला प्रसारण, पत्रकारिता, व्याख्याने आणि अध्यापन करता येईल, असेही तो स्पष्टपणे म्हणतो. थोडक्यात, टीव्हीवर बोलणे हा गुन्हा नाही आणि त्यासाठी मानधन घेणे हाही गुन्हा नाही.

खरी अडचण नियम ४९ ची आहे आणि तुमच्या प्रश्नातील "दरमहा ठरावीक रक्कम" हे शब्द वाचताना माझे लक्ष तिथेच गेले. वकिली चालू असताना वकिलाला पूर्णवेळ पगारी नोकरी करता येत नाही. तशी नोकरी पत्करल्यास ती गोष्ट बार कौन्सिलला कळवून नोकरी असेपर्यंत वकिली थांबवावी लागते. २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयासमोर आलेल्या एका मानहानीच्या प्रकरणात संबंधित व्यक्ती वकीलही होती आणि पत्रकारही होती. तेव्हा वकिली करीत असताना पूर्णवेळ पत्रकारिता करता येत नाही, अशीच भूमिका बार कौन्सिल ऑफ इंडियाने न्यायालयात घेतली. आठवड्यातून पाच संध्याकाळी, ठरलेल्या वेळी, एकाच वाहिनीसाठी, दरमहा ठरावीक रकमेवर काम करणे याला तुम्ही मानधन म्हणाल. तक्रार झाली तर समोरचा त्याला पगार म्हणेल. करारात तुमची सुट्टी वाहिनी मंजूर करणार असेल किंवा दुसऱ्या वाहिनीवर जाण्यास बंदी असेल, तर समोरच्याचेच म्हणणे अधिक पटेल. कार्यक्रमागणिक मानधन, व्यावसायिक शुल्क म्हणून करकपात, आणि हजेरीचे बंधन नाही, असा करार असेल तर तुमची बाजू भक्कम राहते. पाच संध्याकाळींचा करार मला या कसोटीवर टिकणारा वाटत नाही.

जाहिरातीच्या बाबतीत एक बारीक गोष्ट सांगतो, कारण पहिल्याच दिवशी तिचा सामना होतो. वाहिनीचे लोक अनेकदा सुचवतात, "सर, बँड आणि गाऊन घालूनच बसा ना, छान दिसते." बार कौन्सिलच्या वेशभूषेच्या नियमांनुसार समारंभाचे प्रसंग आणि परवानगी असलेली ठिकाणे वगळता सार्वजनिक ठिकाणी बँड आणि गाऊन घालता येत नाही. स्टुडिओ हे न्यायालय नाही. साधा शर्ट घालून जावे. पडद्यावर तुमच्या नावाखाली येणाऱ्या पट्टीत काय लिहिणार आहेत तेही आधी विचारून घ्यावे. "ॲड. अमुक, वकील" एवढे पुरे आहे. माझ्या नावाखाली एकदा "सुप्रसिद्ध फौजदारी वकील" असे झळकले होते, आणि दुसऱ्या दिवशी बार रूममध्ये मला चहा पाजायला लावून सर्वांनी "सुप्रसिद्ध" म्हणून हाका मारल्या.

आता वकीलपत्राच्या मुद्द्याकडे येतो, कारण माझ्या अनुभवाचा गाभा तोच आहे. चर्चेच्या दोन तास आधी वाहिनीच्या पाहुण्यांची जुळवाजुळव करणाऱ्या माणसाचा फोन येतो आणि पहिला प्रश्न असतो, "सर, तुम्ही बाजूने बोलणार की विरोधात?" त्याचा दोष नाही. त्याला पडद्यावर सहा चौकटी भरायच्या असतात आणि त्यांत समतोल दाखवायचा असतो. पहिली दोन वर्षे मी या प्रश्नाला उत्तर देत असे, कारण आपल्याला तीच सवय असते : कोणती बाजू घ्यायची ते सांगा, मी मांडतो. मग लक्षात आले की त्या चौकटीत बसलो की मी कायदा सांगत नाही, युक्तिवाद करतो आहे, आणि प्रेक्षक मात्र तो युक्तिवाद कायदा म्हणून ऐकतो आहे. तेव्हापासून माझे उत्तर ठरलेले आहे : "आदेशात काय आहे ते सांगेन, त्याचे परिणाम काय ते सांगेन, आणि बाजूचे लोक तुम्ही वेगळे बोलवा." हे उत्तर सुरू केल्यावर सुमारे सहा महिने माझे फोन निम्म्याहून कमी झाले. नंतर पुन्हा वाढले, पण आता ते निराळ्या कामासाठी येतात. गोंधळ झाला, निकाल लागला, कोणालाच कळेना, अशा वेळी येतात.

अशा वेळेचे सर्वांत चांगले उदाहरण ११ मे २०२३ चे आहे. महाराष्ट्राच्या सत्तासंघर्षावर सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा निकाल त्या दिवशी आला. निकाल वाचला जात असतानाच पडद्यावर एकमेकांना छेद देणाऱ्या ठळक बातम्या पळू लागल्या, आणि गंमत अशी की त्यांतील बहुतेक खऱ्या होत्या. बहुमत चाचणी घेण्यास सांगण्याचा तत्कालीन राज्यपालांचा निर्णय समर्थनीय नव्हता, असे न्यायालयाने म्हटले. पण उद्धव ठाकरे यांनी २९ जून २०२२ रोजी चाचणीला सामोरे न जाता राजीनामा दिला होता, त्यामुळे पूर्वस्थिती आणता येणार नाही, असेही म्हटले. प्रतोद (व्हिप) नेमण्याचा अधिकार विधिमंडळ पक्षाला नसून राजकीय पक्षाला आहे, असे सांगून शिंदे गटाच्या प्रतोदाला दिलेली मान्यता बेकायदेशीर ठरवली. पण आमदारांच्या अपात्रतेचा निर्णय विधानसभा अध्यक्षांनीच वाजवी मुदतीत घ्यावा, असे सांगितले. शिवाय अध्यक्षांच्या अधिकारांविषयीच्या नबाम रेबिया निकालाचा प्रश्न सात न्यायमूर्तींच्या पीठाकडे पाठवला.

त्या दिवशी अँकरचा प्रत्येक पाहुण्याला एकच प्रश्न होता : जिंकले कोण? राजकीय पक्षांच्या प्रवक्त्यांना या प्रश्नाचे उत्तर देणे सोपे होते, दोन्हीकडच्यांना. कायदेतज्ज्ञ म्हणून बसलेल्या माणसाचे काम मात्र हा प्रश्नच बदलण्याचे होते. मी त्या संध्याकाळी वेगवेगळ्या ठिकाणी जवळजवळ एकच वाक्य सांगत राहिलो : न्यायालयाने कोणते निर्णय चुकीचे होते ते सांगितले आहे, पण त्या चुकांचा परिणाम उलटवलेला नाही, आणि पुढचा निर्णय कोणी घ्यायचा हे ठरवले आहे. हे वाक्य नाट्यमय नाही. पण १० जानेवारी २०२४ रोजी विधानसभा अध्यक्षांनी शिंदे गट हाच खरा राजकीय पक्ष असल्याचे मानून दोन्ही गटांच्या आमदारांना अपात्र ठरवण्यास नकार दिला, तेव्हा ज्या प्रेक्षकाने ते वाक्य ऐकले होते त्याला निदान एवढे तरी माहीत होते की हा निर्णय अध्यक्षांच्या दालनात का झाला. तो बरोबर होता की नाही हा पुढचा वाद, आणि त्यासाठी अनेक पाहुणे उपलब्ध असतात.

यातून कामाची पहिली अट निघते : आदेश वाचल्याशिवाय बोलू नये. ऐकायला ही गोष्ट फारच साधी वाटते. प्रत्यक्षात न्यायालयाने आदेश दिला पाच वाजायला वीस मिनिटे असताना, तुम्हाला फोन आला दहा मिनिटे असताना, आणि तुम्ही थेट प्रक्षेपणात गेलात पाच वाजता, असा मामला असतो. आदेशाची प्रत संकेतस्थळावर रात्री उशिरा किंवा दुसऱ्या दिवशी येते. माझी सर्वांत वाईट चूक अशाच वेळी झाली. एका शासन निर्णयाविषयी उच्च न्यायालयाने काही तरी केले आहे, एवढी दोन ओळींची बातमी माझ्या हातात होती. "रद्द" हा शब्द मी पडद्यावरच्या पट्टीवरून उचलला आणि शासन निर्णय रद्द झाल्याचे गृहीत धरून दहा मिनिटे बोललो. प्रत्यक्षात ती मर्यादित स्वरूपाची अंतरिम स्थगिती होती, तीही फक्त याचिकाकर्त्यांपुरती. रात्री साडेअकराला एका अनोळखी शिक्षकाचा फोन आला. त्यांना माझा क्रमांक कोणी दिला ते मी विचारले नाही. ते म्हणाले, "साहेब, म्हणजे माझी बदली टळली ना? मी सामान बांधायचे थांबवतो." त्यांना काय सांगावे ते मला कळेना, म्हणून खरे सांगितले. पलीकडे काही क्षण कोणीच बोलले नाही. त्यानंतर "आदेश माझ्या हातात नाही, तेव्हा फक्त याचिकेत काय मागितले होते तेवढे सांगतो" हे वाक्य उच्चारायला मला कधी संकोच वाटला नाही. अँकर नाराज होतो, पण ती नाराजी पुढच्या जाहिरातीपर्यंतच टिकते.

तोंडी टिप्पणी आणि लेखी आदेश यांतील फरकही याच जातीचा आहे. न्यायमूर्ती सुनावणीत वकिलाची परीक्षा घेण्यासाठी प्रश्न विचारतात, कधी चिमटा काढतात, आणि पट्टीवर येते : न्यायालयाचे ताशेरे. कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत मद्रास उच्च न्यायालयाने निवडणूक आयोगाविषयी केलेल्या अतिशय तिखट तोंडी शेऱ्यांचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले, तेव्हा मे २०२१ मध्ये त्या न्यायालयाने दोन गोष्टी एकाच वेळी सांगितल्या. सुनावणीचे वार्तांकन करण्यापासून माध्यमांना रोखता येणार नाही, ही पहिली. न्यायालयाचे औपचारिक मत निकालातून आणि आदेशातून व्यक्त होते, तोंडी शेऱ्यातून नव्हे, ही दुसरी. पहिली गोष्ट वार्ताहराच्या कामाची आहे आणि दुसरी तुमच्या. २७ सप्टेंबर २०२२ पासून सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठांपुढील सुनावण्यांचे थेट प्रक्षेपण सुरू झाले, आणि पहिल्याच दिवशीच्या प्रकरणांत आपल्या सत्तासंघर्षाचे प्रकरण होते. आता प्रेक्षक स्वतः ऐकू शकतो, मग आपली गरज संपेल, असे मला तेव्हा वाटले होते. उलट झाले. तासन्‌तास चाललेल्या युक्तिवादातील चाळीस सेकंदांचे तुकडे फोनवर फिरू लागले, आणि तो प्रश्न होता, निर्णय नव्हता, हे सांगणे हेच माझे अर्धे काम होऊन बसले.

आपल्याकडे असलेल्या प्रकरणाविषयी टीव्हीवर बोलू नये, हे नियम ३६ मुळे पाळायचेच आहे, पण त्यामागचे कारण जाहिरातीपुरते नाही. २६/११ खटल्याचे विशेष सरकारी वकील उज्ज्वल निकम यांनी २०१५ मध्ये जयपूर येथे स्वतःच सांगितले की कसाबने बिर्याणी कधी मागितली नव्हती आणि त्याच्याविषयी तयार होणारी भावनिक लाट मोडण्यासाठी त्याने ती मागितल्याचे आपणच रचून सांगितले होते. त्यांच्या खटल्यातील कामगिरीविषयी मला काही म्हणायचे नाही. सांगायचे एवढेच की कसाबला २१ नोव्हेंबर २०१२ रोजी येरवड्यात फाशी झाली, खटल्याची कागदपत्रे हजारो पानांची आहेत, आणि गावात कोणालाही विचारले तर त्याला त्यातील बिर्याणी आठवते. कॅमेऱ्यापुढे वकील जे बोलतो ते पुराव्यापेक्षा जास्त टिकते. तुमच्या पक्षकाराच्या बाबतीत तर दुहेरी धोका आहे, कारण त्याने तुम्हाला विश्वासाने सांगितलेल्या गोष्टींना भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम १३२ चे संरक्षण असते आणि ते बोलण्याच्या ओघात तुम्हीच मोडू शकता.

न्यायालयाच्या अवमानाचे आणि पीडितांची ओळख उघड करण्याविषयीचे नियम तुम्ही फौजदारी वकील असल्याने जाणता, तरी स्टुडिओच्या संदर्भात थोडे सांगतो. सुशांतसिंह राजपूत प्रकरणातील वार्तांकनावरून झालेल्या जनहित याचिकांवर मुंबई उच्च न्यायालयाने १८ जानेवारी २०२१ रोजी जो निकाल दिला, तो या व्यवसायात येणाऱ्या प्रत्येकाने मुळातून वाचावा. तपास सुरू असतानाच माध्यमांनी चालवलेला खटला हा न्यायदानात अडथळा ठरू शकतो, असे त्यात म्हटले आहेच. पण वाहिन्यांनी आपल्या पाहुण्यांना मर्यादा समजावून सांगाव्यात आणि पाहुणा भरकटू लागला तर अँकरने त्याचा आवाज बंद करण्याचाही मार्ग वापरावा, असेही त्यात सुचवले आहे. म्हणजे आवाज बंद होणे हा नेहमीच अपमान नसतो. बालकांवरील अत्याचाराच्या प्रकरणांत पॉक्सो कायद्याचे कलम २३ आणि बलात्कार पीडितेच्या बाबतीत भारतीय न्याय संहितेचे कलम ७२ ओळख उघड करण्यास मनाई करते. नाव न घेताही गाव, शाळा आणि वडिलांचा व्यवसाय सांगितला की ओळख उघड होते, आणि हा तपशील बहुधा पाहुण्याच्याच तोंडून निसटतो. बदनामीचा दावा झाला तर बोलणारा म्हणून तुम्ही स्वतः आरोपी असता. तुमच्या बचावाचा खर्च वाहिनी देईल असे करारात लिहिलेले नसेल, तर ती देणार नाही असे धरून चालावे.

येथवरचे एका दमात सांगायचे तर : नियम तुम्हाला बोलू देतात, नोकरी करू देत नाहीत, बोलताना बाजू घ्यायची नाही, आदेश वाचल्याशिवाय निष्कर्ष काढायचा नाही, आणि स्वतःच्या प्रकरणावर तोंड उघडायचे नाही. आता करिअरचा प्रश्न.

जिल्हा न्यायालयातील वकिली दिवसा न्यायालयात दिसते, पण ती उभी राहते संध्याकाळी सहा ते नऊ या वेळेत, ऑफिसात. पक्षकार तेव्हाच येतात, उलटतपासणीची तयारी तेव्हाच होते, ज्युनिअर तेव्हाच शिकतो. वाहिन्यांच्या चर्चेची वेळही नेमकी तीच. आठवड्यातून एक संध्याकाळ गेली तर ऑफिस सांभाळून घेते. पाच संध्याकाळी मुंबईत गेल्या तर पक्षकार वर्षभर तुमचे कौतुक करतील आणि नंतर शेजारच्या चेंबरमध्ये जातील. टीव्हीमुळे नवे पक्षकार येतात का, असेही तुमच्या मनात असेल. येतात. पण माझ्याकडे आलेल्यांपैकी बहुतेकांना फोनवर फुकट सल्ला हवा होता, आणि काहींना आपले प्रकरण टीव्हीवर "उचलून" हवे होते. फी देणारे, टिकणारे पक्षकार माझ्याकडे आजही जुन्या पक्षकारांच्या आणि दुसऱ्या वकिलांच्या शिफारशीवरूनच येतात. तोटा मात्र थेट झाला आहे. एका सुनावणीत समोरच्या वकिलांनी हसतमुखाने सांगितले, "माझ्या विद्वान मित्रांनी स्वतः टीव्हीवर याच्या नेमके उलटे मत दिले आहे." न्यायाधीशांनी ते विचारात घेतले नाही, पण ते हसले.

याहून मोठे कारण ज्ञानाचे आहे. वाहिनी तुम्हाला बोलावते ती तुम्ही रोज न्यायालयात उभे राहता म्हणून. ते उभे राहणे थांबले की तुम्ही जे सांगता ते इतरांनी लिहिलेल्या बातम्यांचे मराठीकरण होऊ लागते. १ जुलै २०२४ रोजी नवे फौजदारी कायदे लागू झाले तेव्हा हे स्वच्छ दिसले. काही महिने अनेक जण टीव्हीवर जुन्या दंड संहितेतील ३०२ आणि ४२० म्हणत होते, कारण जीभ तशीच वळते. त्यात फार बिघडत नाही, कलमांचे आकडे पाठ होतात. पण पोलीस कोठडी पहिल्या पंधरा दिवसांतच मिळते, हे जुने गणित अनेकांनी तसेच सांगितले. नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८७ नुसार ते पंधरा दिवस गुन्ह्याच्या स्वरूपाप्रमाणे पहिल्या चाळीस किंवा साठ दिवसांत तुकड्या-तुकड्यानेही मागता येतात. हा फरक ज्याला रिमांडच्या वेळी न्यायालयात उभे राहून सोसावा लागला, त्याला तो सांगायला पुस्तक उघडावे लागले नाही.

अमेरिकेतील उदाहरणे पाहून अनेक तरुण वकिलांना वाटते की हे पूर्ण करिअर होऊ शकते. तिथे ते झाले, हे खरे आहे. केवळ खटले दाखवणारी कोर्ट टीव्ही ही वाहिनी तिथे १९९१ मध्ये सुरू झाली, १९९५ मध्ये ओ. जे. सिम्पसनचा खटला महिनोन्‌महिने घराघरांत चालला, आणि त्यातून खटल्यांचे विश्लेषण करणाऱ्या वकिलांची एक पिढीच टीव्हीवर स्थिरावली. पण तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने वकिलांच्या जाहिरातीवरील सरसकट बंदी १९७७ मध्येच उठवली होती, आणि तिथे साक्षीदारांची उलटतपासणी कॅमेऱ्यासमोर होत होती. आपल्याकडे कनिष्ठ न्यायालयातला खटला पडद्यावर दिसत नाही. तेव्हा तो नकाशा इथे चालत नाही.

माझा सल्ला असा. मुंबईला बिऱ्हाड हलवू नका आणि नकारही देऊ नका. वाहिनीला उलट प्रस्ताव द्या : आठवड्यातून एक संध्याकाळ स्टुडिओत किंवा तुमच्या ऑफिसातून ऑनलाइन, आणि शनिवारी दुपारी ध्वनिमुद्रित होणारा एक कार्यक्रम, ज्यात त्या आठवड्यातील एकच आदेश शांतपणे समजावून सांगायचा. जामीन म्हणजे निर्दोष सुटका नव्हे, आरोपमुक्त होणे आणि निर्दोष मुक्त होणे यांत काय फरक, याचिका फेटाळली आणि निकाली काढली यांचा अर्थ वेगळा का, असे विषय मराठीत नीट सांगणारे फार थोडे आहेत, आणि वाद घालणारे पुष्कळ. मानधन कार्यक्रमागणिक ठरवा, करारात नोकरी, रजा आणि हजेरी हे शब्द नसावेत, बदनामीच्या दाव्यात बचावाचा खर्च कोणी करायचा ते असावे, आणि स्वतःच्या जिल्ह्यातील न्यायालयांत चालू असलेल्या प्रकरणांवर बोलणार नाही, हे तुमच्या बाजूने लेखी असावे. सहा महिने असे करून पाहा. तोवर प्रत्येक कार्यक्रमानंतर काय बोललात त्याच्या दोन ओळी डायरीत लिहून ठेवा, तारखेसह. पुढे कोणी "विद्वान मित्रांनी टीव्हीवर सांगितले" असे म्हणाले तर ती डायरी कामाला येते.

आणि समजा वाहिनी पाच संध्याकाळींवरच अडून बसली आणि तुम्हालाही ते काम मनापासून आवडले आहे, तर लपूनछपून करू नका. महाराष्ट्र आणि गोवा बार कौन्सिलला लेखी कळवून सनद स्थगित करून घ्या, आणि तसे केल्याची नोंद स्वतःजवळ ठेवा. पण त्या पट्टीवर तुमच्या नावाखाली मग "वकील" लिहिता येणार नाही, आणि काय लिहायचे ते त्यांनाच विचारा. त्यांचे उत्तर ऐकल्यावर कदाचित तुमचा निर्णय तुम्हीच कराल.